सिद्धाप्पाच्या मयताला मी गायलो ते

मी गिरणीच्या चाळीतला. आई-बाप दोघं मिलमध्ये, माझी शाळा दुसरीतच पुरी झाली, पण गळा असा की भोंग्याच्या वर जायचा, काय सांगू तुमाला. मिल बंद पडली तवा आमी तिघं रिकामे, मी, सिद्धाप्पा आन् इस्माईल. सिद्धाप्पा तेलाचा डबा बडवायचा, इस्माईलकडं एक मोडकी गिटार, सूर न्हाय ताल न्हाय, आन् मी बोंबलायचो. भोंग्या तुझ्या आयला, असं आमचं गाणं, सगळ्या मालकाला शिव्या. लोक म्हणायचे ह्यो काय गोंधळ लावलाय, आन् परत तेच म्हणा म्हणायचे. पत्रा पार्टी म्हणून गल्लोगल्ली बोलवायला लागले.

मग नवी पेठेतला एक कॅसेटवाला आला. म्हणाला गळा तेवढा घेतो, डबा नको. मी व्हय म्हणलं. का न्हाय म्हणायचं? गळा माझा हुता की. सिद्धाप्पा म्हणाला जा, एकट्यानं गाशील तर लोक झोपतील. तेवढंच बोलला, परत मरेस्तवर बोलला न्हाय.

मी एकट्यानं गायलो. देवाची गायलो, प्रेमाची गायलो, माझी मीच रचलेली, शाळा नसून. लोक ऐकायचे, हात जोडायचे, आन् शेवटाला मागनं कोणतरी वरडायचंच, ओ मामा, भोंग्या म्हणा की. एकदाबी म्हणलो न्हाय.

औंदा सिद्धाप्पा गेला. त्यांच्यात मयताला बसवून नेतात, खुर्चीत, कपाळाला इबूत, गळ्यात हार, फुडं वाजंत्री. त्याचा पोरगा घरी आला, म्हणाला काका, अप्पा सांगून गेलेत, फुडं तुमीच गायचं, पण भोंग्याच. मी म्हणलं गाईन, काय गायचं ते मी ठरवीन. पोरगा चपला घालून गेला. मला वाटलं पटलं.

गल्लीच्या तोंडाला माईक घेतला, सिद्धाप्पाकडं बघून माझं देवाचं गाणं धरलं, लई जीव लावून. मनात म्हणलं बघ आता, कोण झोपतंय. एक कडवं झालं न झालं, इस्माईलनं, त्याचे आता हात कापतात, तरी चहाच्या टपरीवरला डबा उचलला आन् बडवला. पोरगा वरडला, भोंग्या! सगळी गल्ली म्हणायला लागली, बायका पदर तोंडाला लावून रडत रडत म्हणाल्या, शिवीसकट. पोरग्यानं माझा माईक बंद केला. काढून घेतला न्हाय, नुसता बंद केला. मी तोंड हलवत सगळ्यांच्या फुडं चाललोय, आन् मेलेला माणूस खुर्चीतनं माझ्याकडं बघतोय.

इस्माईलला म्हणलं बंद कर ते. तो म्हणाला, महादू, तुला कोण अडवलंय, म्हण की तू तुझं.

म्हणलो. माती देईस्तवर म्हणलो. शेजारच्यालाबी ऐकू गेलं नसंल.

आता रोज सकाळी घरात म्हणतो. सून टीव्हीचा आवाज वाढवती. वाढव बाई. सुखी ऱ्हा, लेकराबाळांत ऱ्हा. माझं अजून एक कडवं हाय.