नथ्थू दोनाडकर जिवंत असल्याबाबत

नाव: नथ्थू रामाजी दोनाडकर, वय ७० वर्षे, धंदा धानाची शेती, राहणार मौजा कहूटोला, तालुका आरमोरी, जिल्हा गडचिरोली. दिनांक १८ नोव्हेंबर २०२४.

मी आज ठाण्यात स्वतःच्या पायाने येऊन सांगतो की, ज्या नथ्थूला मारल्याची खबर आपल्याकडे आली, तो नथ्थू मीच असून जिवंत आहे. ओळखीसाठी आधार कार्ड दाखवले.

मुखरू बापूजी ठेंगरी, वय ७३, हा माझ्या गावचा असून आमची शेते लागून आहेत. त्याला ताप व लघवीला जळजळ असल्याने त्याची सून ज्योत्स्ना हिने दि. ८ रोजी त्याला गडचिरोलीत दवाखान्यात भरती केले. दोन दिवस तो नीट बोलत होता. तिसऱ्या दिवसापासून बरळू लागला. सलाईन ओढून काढी. सुनेला, "बाई, तू कोनाची?" असे विचारी. फरशीवर पाणी चढत आहे म्हणून पाय वर घेऊन बसे.

दि. ११ रोजी दुपारी तीनच्या सुमारास तो मोठ्याने म्हणाला, "नथ्थूले मीच मारलो. वैनगंगेत हात सोडलो त्याचा. जा, सांगा पोलिसाले." शेजारच्या खाटेवरील रुग्णाच्या जावयाने ११२ वर फोन केला. त्याने तो चांगल्या हेतूने केला. त्याच्याबद्दल माझे काही म्हणणे नाही.

दि. १२ रोजी सकाळी आपल्या ठाण्याच्या अंमलदार उर्वशी गेडाम मॅडम माझ्या बांधीत आल्या. मी धान कापत होतो. "नथ्थू दोनाडकर कधीपासून बेपत्ता आहे?" असे त्यांनी विचारले. मी म्हणालो, "बेपत्ता नाई मॅडम, सकाळपासून इथीच हावो." मॅडम शेताच्या धुऱ्यावर बसल्या व त्यांनी प्यायला पाणी मागितले. मग सगळी हकीकत सांगितली. मी त्यांच्याच गाडीने दवाखान्यात गेलो.

मला पाहताच मुखरूने हात जोडले. म्हणाला, "मीच येत होतो ना तुयाकडं. तू काऊन आला?" तो मला मेलेला समजत होता. मी व्हरांड्यात गेलो. थोड्या वेळाने परत आत आलो.

डॉक्टर मॅडम म्हणाल्या, "काका, हा वेडेपणा नाही. याला डिलिरियम म्हणतात. वय झालेल्या माणसाला जंतुसंसर्ग झाला, रक्तातलं सोडियम कमी झालं, त्यात परकी जागा आणि झोप नाही, की मेंदू काही दिवस गोंधळतो. औषध चालू आहे. ओळखीचं माणूस जवळ बसलं तर लवकर बरं वाटतं. वाद घालू नका. वार सांगा, जागा सांगा, नाव सांगा."

त्याचा चष्मा घरीच राहिला होता. तो ज्योत्स्नाने आणला. मी चार दिवस खाटेजवळ बसलो. त्याने विचारले की सांगायचो, "मी नथ्थू. आज बुधवार. हा दवाखाना हाये." बुधवारी हे किती वेळा सांगितले ते मोजले नाही. सांजवेळी तो जास्त घाबरे. तेव्हा मी त्याचा हात धरून बसे.

गेडाम मॅडमनी नदीचे विचारले म्हणून सांगतो. सन १९८१ च्या पावसाळ्यात मी व मुखरू डोंग्याने वैनगंगा ओलांडत होतो. भर धारेत डोंगा उलटला. मुखरू काठाला लागला. मी वाहत जाऊन दोन कोसांवर झाडात अडकलो. दुसऱ्या दिवशी मासे धरणाऱ्या ढिवरांनी मला काढले. ती पूर्ण रात्र मुखरू काठावर होता, असे नंतर ऐकले. त्याने मला कधी सांगितले नाही. त्यानंतर दरवर्षी तो आधी माझे रोवणे, म्हणजे धानाची लावणी, करून देई, मग स्वतःचे. माझ्या घरी माणसे कमी म्हणून करतो, असे मी समजत होतो.

दि. १५ रोजी सकाळी त्याने चष्मा पुसून माझ्याकडे पाहिले व म्हणाला, "तू कवापासून बसून हायेस बे इथी? धान कोन कापते?" ज्योत्स्ना बाहेर जाऊन मुखरूच्या मुलाला फोन लावू लागली. तिला बोलता येत नव्हते म्हणून फोन मी घेतला.

आता जे कोणाला सांगितले नव्हते ते सांगतो. मुखरूने माझा हात सोडला नव्हता. त्याने मनगट इतके घट्ट धरले होते की दोघेही खाली जात होतो. त्याच्या घरी तेव्हा तान्हे मूल होते. माझे लग्न व्हायचे होते. मी त्याच्या अंगठ्याला चावून हात सोडवून घेतला. त्याचा वण अजून आहे. डोंग्याचा खिळा लागला, असे तो लोकांना सांगतो. जो वाचवत होता त्यालाच चावलो, याची मला लाज वाटे. पुढे विषय निघाला नाही. हात आपणच सोडला असे तो मनात घेऊन आहे, हे मला माहीत नव्हते.

दि. १६ रोजी मी त्याला हे सांगितले. तो अंगठा पाहत राहिला.

"चावला का बे तू मले?"

"हो."

"अन् मी तेच्यासाठी त्रेचाळीस वर्सं तुयं रोवणं केलो?"

"हो."

तो इतका हसला की सिस्टर धावत आल्या. त्यानंतर आम्ही दोघांनी काय केले ते या कागदात लिहिण्याची गरज नाही.

मुखरूने कोणताही गुन्हा केलेला नाही. माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही. त्याला उद्या दवाखान्यातून सुट्टी मिळणार असून, त्याला घरी न्यायला मी व ज्योत्स्ना जाणार आहोत.

हा मजकूर गेडाम मॅडमनी मला सावकाश वाचून दाखवला. मी बोललो तेच कागदावर उतरले आहे, काही कमी नाही, जास्त नाही; म्हणून खाली सही करतो.

नथ्थू रामाजी दोनाडकर