तिसरा गाल

पोरांनी आमच्या गल्लीत प्रेमावर लघुपट काढला. त्यात शेजाऱ्यांचं काम केलेले सत्तरीचे मस्यू फेर्नां आणि मादाम सोलांज थिएटरच्या रांगेत माझ्यापुढेच उभे होते.

“गालाला गाल लावून बोंजूर म्हणायचं, एवढंच आपलं काम. तेही तुम्ही चुकलात, मस्यू फेर्नां.”

“चुकलो कुठे?”

“आपल्या क्लेरमाँ गावात दोनदाच गाल लावतात. मी वळून निघाले, तर तुमची मान तिसऱ्यासाठी पुढे आलेली. आणि त्या पोरांनी नेमकं तेच ठेवलंय. काल सगळं थिएटर हसत होतं.”

“आमच्या नीम गावाला तीनदा असतं, मादाम. लहानपणची सवय.”

“नीम सोडून तुम्हाला चाळीस वर्षं झाली.”

“सवय जाते थोडीच.”

“मग पाववालीला किती?”

“म्हणजे?”

“रोज सकाळी मी तुमच्या मागेच उभी असते. पाववालीला दोन. तिच्या सुनेला दोन. त्या टपालवालीलासुद्धा दोनच.”

“रांग सरकली, मादाम.”

“सरकू दे. माझ्याच वेळी बरं नीम आठवलं.”

“कॅमेरा चालू होता. म्हटलं, चुकलंच तर अभिनयात खपून जाईल.”

“आता कॅमेरा नाहीये.”

“नाहीये खरा.”

“तुमच्या नीमला तिसऱ्यांदा कुठला गाल?”

“ज्या गालाने सुरुवात केली, तोच.”

मादाम सोलांजनी गळ्यातला मफलर काढून हातात घेतला.

“मग पहिल्यापासून करा. अर्धवट काम मला चालत नाही.”