अबुंदिओंच्या कानातला वाटाणा

कुका : सकाळच्या तालमीत मी तुमच्या कानात काय सांगितलं, सांगा बघू, डॉन अबुंदिओ.

अबुंदिओ : हे काय विचारणं झालं? "बाईसाहेब, गाडी तयार आहे." तेच तर बोललो मी.

कुका : मी सांगितलं होतं, "बाईसाहेब, घराला आग लागली." मुद्दाम. सगळ्या नटांनी दचकून माझ्याकडे बघितलं. तुम्ही मात्र थंडपणे गाडीचं दार उघडलंत.

अबुंदिओ : ...तमाल खाणार? अजून गरम आहे.

कुका : विषय बदलू नका. कधीपासून?

अबुंदिओ : ईस्टरपासून. उजवा कान आधीच गेला होता, आता डावाही चाललाय. समोर बसून बोललीस की ओठांवरून कळतं. पण तुझ्या त्या वाटाण्यातून, कानातल्या त्या चिमुकल्या स्पीकरमधून, नुसती खरखर येते.

कुका : आणि मी खुळ्यासारखी दोन महिने माइकवरून तुमची वाक्यं सांगत बसले! मग बोलता कसे?

अबुंदिओ : पाठ करून. रोज नाश्त्याला माझी बायको चायो वाक्यं घोटून घेते. हातात लाटणं, आणि स्वतःच नायिका. रडतेसुद्धा मधूनमधून.

कुका : कमाल आहे. सगळ्या स्टुडिओत पाठांतर करणारे तुम्ही एकटेच असाल. पण आज काय करणार? ड्रायव्हरच नायिकेचा बाप निघतो, तो सीन पुन्हा लिहिलाय. पानं आत्ता आली, अर्ध्या तासात शूटिंग.

अबुंदिओ : पुन्हा? अगं, तीन दिवस लागले मला ते पान पाठ करायला!

कुका : दिग्दर्शकबाईंना सांगायला हवं.

अबुंदिओ : नको, कुका. पाया पडतो तुझ्या. त्या मालिकेतल्या माझ्या ड्रायव्हरला एका वाक्यात मारून टाकतील आणि मला घरी बसवतील. चाळीस वर्षं लोकांची दारं उघडली मी. चारदा पाद्री झालो, दोनदा न्यायाधीश, अकरा मालिकांत गाडी चालवली. पानभर बोलायला आज पहिल्यांदा मिळतंय.

कुका : कळतं हो मला. पण मध्येच अडलात तर चारचौघांत शोभा होईल. ते बघवणार नाही मला.

यारेत्सी : मी आत येऊ? दाराशी उभी राहून ऐकलं मी, माफ करा.

अबुंदिओ : या, नायिकाबाई. आता तुम्हीही ओरडा.

यारेत्सी : मला ठाऊकच होतं. कुकाताई, कॅमेरा त्यांच्यावर असेल तेव्हा माझी कॅमेऱ्याकडे पाठ असते. तुम्ही सांगाल ते माझ्या वाटाण्यात येतंच. मी नुसते ओठ हलवीन, ते बोलतील.

कुका : आणि बाईंनी पकडलं तर?

यारेत्सी : तर मी ओरडा खाईन.

अबुंदिओ : तू कशाला हे करशील, पोरी?

यारेत्सी : मागच्याच आठवड्यात लेखक तुमच्या ड्रायव्हरला दूर मोंटेरे शहरात पाठवून मोकळे होणार होते. मी भांडून हा सीन मागितला. इथे सगळे माझ्याकडे तोंड करून कुकाताईंचं ऐकत असतात. मी ऊर फुटेस्तोवर रडले तरी समोरच्याचं लक्ष कानात. तुम्ही एकटे माझ्याकडे बघता.

अबुंदिओ : ऐकू येत नाही म्हणून बघतो गं.

यारेत्सी : असू दे की.

अबुंदिओ : आणि आधीची चाळीस वर्षं? किती जणी रडल्या माझ्यासमोर. एकीचाही चेहरा आठवत नाही. लाज वाटते मला.

कुका : पुरे आता. एकदा करून बघू. मी वाचते. यारेत्सी, तू वळ त्यांच्याकडे.

(यारेत्सी आवाज न काढता ओठ हलवते.)

अबुंदिओ : "मीच तुझा बाप. तुझ्या आईनं शपथ घातली होती, म्हणून गप्प राहिलो..." रोज तुला शाळेत सोडायचो. मागं वळून बघायची परवानगी नव्हती, म्हणून आरशातून बघायचो.

कुका : थांबा, थांबा. आरशाचं मी वाचलंच नाही.

यारेत्सी : मीही नाही म्हटलं.

अबुंदिओ : नाही लिहिलेलं? लिहा मग. ड्रायव्हर बघतोच.