स्वतःच्या भूमिकेत

...नाही, मला सांगा, माणूस नेहमीसारखा वागतो म्हणजे नेमकं काय करतो हो? तुम्हाला सांगतो, ही माझी चौथी डॉक्युमेंटरी. हनुवटीवर शिडी तोलणारा माणूस दुसरा कुठे सापडत नाही म्हणून सगळे येतात माझ्याकडेच, आणि दारातून आत पाय टाकता टाकता दिग्दर्शिका तेच सांगते, "काका, तुम्ही फक्त नेहमीसारखं वागा!" अहो, नेहमी काय माझ्या घरात चार माणसं, तीन दिवे आणि सोफ्यावर चढलेला कॅमेरामन असतो?

तरी वागलो. उठलो, चहा केला... पाच कप! ती ओरडली, "कट! काका, एकच कप. नेहमीसारखं!" आता भरल्या घरात एकट्यानं चहा प्यायचा? प्यायलो. सात वेळा प्यायलो! मग म्हणे खिडकीतून बाहेर बघा. म्हटलं, समोर भिंत आहे. तर म्हणे, "तीच बघा, किती बोलकी आहे!" बायको गेल्याला सहा वर्षं झाली, तेव्हापासून बसतोय त्या भिंतीसमोर, माझ्याशी एक अक्षर बोलली असेल तर शपथ!

पण खोटं कशाला बोलू... सवय लागली हो. साउंडवाला, चांगला ढोल्या गडी, रोज माझ्या शर्टाला माइक लावताना विचारायचा, "काका, झोप झाली का?" आवाज तपासायला विचारतोय, एवढं कळत होतं मला, तरी मी आदल्या दिवशीच उत्तर तयार ठेवायचो! अकरा दिवस... आणि शेवटचा शॉट, शिडीचा. चाळीस वर्षांत कधी पडली नाही ती शिडी, मी पाडली. मुद्दाम! परत पाडली. तिसऱ्यांदा पाडली, म्हटलं, लांबेल एखादा दिवस, आपलं काय जातंय? तर दिग्दर्शिका जवळ आली, हळूच म्हणाली, "काका, पडलेलीच ठेवते मी. छान दिसते." झालं! दिवे उतरले, वायरी गुंडाळल्या, सोफा जागेवर सरकवला, "येतो काका!" आणि दार लागलं. मग वागलो ना मी नेहमीसारखं! पण बघायला होतं कोण?

परवा तो सिनेमा माझ्या मुलीनं पाहिला. लांब असते ती, नोकरी, दोन पोरं, फोनला वेळ मिळत नाही बिचारीला... पण सिनेमा संपल्या संपल्या फोन! रडत होती. "बाबा, किती एकटे दिसता हो तुम्ही त्यात! खरं सांगा, तो अभिनय होता ना?"

आता काय सांगायचं? इतक्या लांबून ती काय करणार होती?

"अगं वेडे, अभिनयच तो! मग काय!"

"हुश्श... वाटलंच मला!" म्हणाली, हसली, आणि ठेवला फोन.

पटलं हो तिला, एका फटक्यात पटलं! तुम्हाला सांगतो... मला अभिनय येतो, हे मलाच ठाऊक नव्हतं.