सासूबाईंनी गेलासाला हात जोडलं

माझं माहेर चऱ्होली, दिलं चिंचवडात, अन् काय सांगू तुम्हाला, थोरला तान्हाच व्हता तवा आमचं मालक बैलगाडीवरनं पडलं, कंबर गेली, हातरुणालाच खिळलं. मंग मीच पदर खोचला, पिंपरीच्या रस्त्याला चाकलेटाचा कारखाना नवाच निघाला व्हता, तिथं लागले. सासूबाई माळकरी, लई कडक, पन दुपारच्या सुट्टीत पोराला काखंला मारून गेटावर यायच्या, मी झाडाखाली बसून पाजायची.

अन् चाकलेट म्हंजी काय, कढईत मळल्या पिठावानी घट्ट, साच्यात उतरंनाच. मुकादम डब्यातलं चमचाभर तपकिरी काय ते टाकायचा अन् बघता बघता धार लागायची. अगं बया! सोता मधापरीस चिकट, अन् दुसऱ्याला पातळ करतंय कसं? मला रोज नवल वाटायचं, रोज.

एक दिस गावात कुनीतरी उठवलं, त्या डब्यात अंड्याचा बलक असतोय. झालं! सासूबाई गेटावर आल्या त्या पोर देईचनात. म्हनल्या, चाखलंस का? चाखलं व्हतं, खोटं कशाला बोलू? म्हनल्या, मंग त्या अंगाचं दूध माझ्या नातवाला न्हाई, काम सोड न्हाईतर माहेरी जा. पोर रडून काळंनिळं, हिकडं माझी चोळी भिजलेली, अन् काम सोडलं तर मालकांचं औषध कुठलं, चूल कशी पेटायची? मीबी चिडले, म्हनलं लेकरू माझं हाय, द्या हिकडं. त्या जागच्या हालंनात.

गलका ऐकून लॅबमधल्या बाई आल्या, पुन्याच्या, पांढरा कोट घातलेल्या. वरडल्या न्हाईत. मावशी, बसा, म्हनल्या. गेलासात पानी घ्येतलं, वर गोडं तेल, हालवलं, तेल आपलं परत वर. मंग डब्यातलं थोडं घातलं, खळाखळा हालवलं, अन् देवाशपथ सांगते, गेलास दुधावानी पांढरा झाला, तेल कुठं अन् पानी कुठं कळंना! बाई म्हनल्या, ह्याला लेसिथिन म्हनत्यात, अंड्यात असतंय हे खरं, पन हे सोयाबीनच्या दान्यातनं काढलेलं, बोटीनं आलेलं. भुईमुगात हाय, म्हशीच्या दुधात हाय, तुमच्या सुनंच्या दुधातबी हाय, दुधातलं लोनी पान्यात मिळून राहतं ते ह्याच्यामुळंच.

सासूबाईंनी गेलास उचलून डोळ्याम्होरं धरला. मला वाटलं, आता गेलास भिरकावत्यात. तर म्हनल्या, व्हय गं? मी एवढी लेकरं पाजली, त्यातबी हेच? हेच, बाई म्हनल्या. म्हातारीनं पोर माझ्या मांडीवर दिलं, गेलासाला हात जोडलं, मला म्हनली, पाज.

परत कधी काम सोड म्हनल्या न्हाईत. त्या बाईंचं नाव इच्यारायचं तेवढं राहिलं बघा, जिथं असतील तिथं सुखात असू देत. आता नात चाकलेटाच्या कागदावरचं बारीक वाचून दावती, आजी, लेसिथिन लिव्हलंय, अन् माझं हात आपसूक जुळत्यात. पोरं हासत्यात, आजी चाकलेटाच्या पाया पडती. म्हनते, हासा बाबांनो, तुमच्या बापाच्या तोंडचं दूध ह्येनंच परत दिलं.