दादरावर हरवलेले दोन साहेब

थांबा बे, चहा मग प्या, आधी हे ऐका! उकव्याकडच्या त्या उंच डोंगरावर मी अन् किसन गेलतो ना? आमी दोघं खदानीतले मजूर. खदानीत उतरताना बिल्ला बाहेर टांगाचा, वर आल्यावर काढाचा, म्हणजे कोण आत राह्यलं ते समजते. त्याच सवयीनं किसननं पायथ्याच्या गावात एका काकूले आपला बिल्ला देल्ला. "चारपर्यंत घ्याले नाही आलो, तं माणसं पाठवजा." खदानीचा बिल्ला पाहून काकू म्हणे, "बरं साहेब."

वर पोहोचलो तं काय सांगू! डोंगराचा माथा सपाट मैदानच, तिकडे त्याले दादर म्हणतात. जिकडे पाहा तिकडे कमरेएवढं गवत! आलो ती वाटच सापडेना. दुसरी वाट दिसली, तिनं पल्याडच्या सडकेवर उतरलो. बिल्ला साफ विसरलो.

साडेचारले सडकेवर माणसं धावत आली. "पल्याडून फोन आला! खदानीचे दोन साहेब वर हरवले!"

किसन तं पेटलाच. "आपले साहेब? चाल बे, ढुंढू!"

पुन्हा चढलो! "ओ साहेब! ओ साहेब!" ओरडून ओरडून गळा बसला. वर गवतात समोरून दुसरी टोळी आली, पुढं तीच काकू. किसननं हाफत तिलेच विचारलं, "काकू, सापडले काय साहेब?"

काकूनं त्याले वरपासून खालपर्यंत पाह्यलं, बिल्ला हातावर ठेवला अन् म्हणे, "हौ, सापडले. आता जिकून चढले, तिकूनच उतरा."