नावं तेवढी तशीच

नीलाबाई: सत्त्याऐंशी साल होतं ते. एवढं तरी राहू दिलं का तुझ्या मशीननं?

पुनम: राहू दिलंय, आत्या. आकडे आणि नावं तशीच हायेत. बाकीची भाषा नीट केली.

नीलाबाई: मी शाळेत पस्तीस वर्षं शिकवलं. माझी भाषा वाकडी होती का? वाच बरं.

पुनम: "सन एकोणीसशे सत्त्याऐंशीमध्ये शिरूर अनंतपाळ येथे मी अध्यापनकार्य करीत असताना शहजादी नामक कंकणविक्रेती महिला..."

नीलाबाई: थांब. मी काय लिहिलं होतं?

पुनम: "शहजादी बांगड्यावाली."

नीलाबाई: मग ही कंकणविक्रेती कोण? शिरूरात अशी कुणी नव्हती.

पुनम: अर्थ एकच की. शाळेचा अंक छापायला माझ्याकडं आला, बेचाळीस लेख, आत्या. एकाची भाषा एक, दुसऱ्याची दुसरी. मुख्याध्यापक म्हणले, सगळं एकसारखं पाहिजे. मग मी मोबाईलमधल्या एआयला सांगितलं, शब्द बदल, नावांना हात लावू नको.

नीलाबाई: नावांची एवढी काळजी कशी वाटली?

पुनम: मागं निरोप समारंभाच्या पत्रिकेत त्यानं उज्वला मॅडमचं तेजस्विनी मॅडम केलं. कस्तुराबाईंचं सुगंधाबाई. लातूरभर बोलणी खाल्ली मी.

नीलाबाई: माझ्या पानांना टाचणीनं चिठ्ठी लावली होती.

पुनम: टाचणी होती. चिठ्ठी... पानं स्कॅन करताना काढून ठेवली वाटतं.

नीलाबाई: काय लिहिलं होतं त्यात, सांगू? "शब्दाला हात लावू नको. नावं तेवढी बदल." नेमकं उलटं केलंस, पुनम. मुदखेडहून सकाळची निघाले ते हे ऐकायला. पुढं वाच. बाजाराचा दिवस.

पुनम: "ग्यानोबांनी भर बाजारपेठेत तिची टोपली भिरकावून समस्त कंकणे भग्न केली. तळाशी काही वह्या आढळल्या. मी नजीकच उभी होते. मी मौन धारण केले."

नीलाबाई: काय केलं मी?

पुनम: मौन धारण केलं.

नीलाबाई: मी "गप्प बसले" असं लिहिलं होतं. मौन साधू धरतात. मी घाबरले होते. नोकरी कायम झाली नव्हती. सातवीनंतर घरी बसवलेल्या पोरींच्या वह्या त्या, ग्यानोबांच्या लेकीचीही त्यात. ती बांगड्यांखाली घालून घरोघर न्यायची, लिहून झाल्या की मला आणून द्यायची. वह्या माझ्या, अक्कल माझी. आणि टोपली उधळली तेव्हा मी दहा पावलांवर उभी. आठ दिवसांत तिनं बिऱ्हाड हलवलं.

पुनम: मग नावं कशाला बदलायची होती?

नीलाबाई: तिच्या लेकरांना त्रास नको म्हणून.

पुनम: आणि तुझं नाव?

नीलाबाई: छपाई थांबव आधी.

पुनम: कालच झाली. छापलेल्या पानांचे फर्मे जावेदभाईकडं बाइंडिंगला गेले. गंजगोलाईच्या मागं दुकान हाय, गुलाम रसूल चाचांचा मुलगा.

नीलाबाई: कोणते गुलाम रसूल?

पुनम: आधी बांगड्या विकायचे म्हणतात. आत्या, काय झालं? पाणी देऊ? अन् हे बघ, जावेदभाई आलेच.

जावेद: पुनमताई, काम बंद ठेवलंय मी. पान एकवीसवर आमच्या अम्मीचं नाव हाय. हे लिहिणाऱ्या नीलाबाई कुठं भेटतील?

पुनम: समोर बसल्यात.

जावेद: सलाम, बाई. घडी घालताना दिसलं. घरी नेऊन अम्मीला वाचून दाखवलं.

नीलाबाई: आहे ती?

जावेद: हाय की. गुडघे गेले, जबान शाबूत हाय.

नीलाबाई: काय म्हणाली?

जावेद: कंकण काय असतं, विचारून राहिली. भग्न म्हणजे काय. मला तरी कुठं ठाऊक. मौन धारणवर म्हणाली, बाईंचा उपवास होता का त्या दिवशी?

नीलाबाई: ऐकलंस, पुनम?

जावेद: पण नाव आलं की माझा हात धरायची. फिरसे पढ. चार बार वाचलं. "वह्या आढळल्या" तिथं रडली.

नीलाबाई: वह्यांवर का?

जावेद: शिरूरात सगळे म्हणायचे, टोपलीत चिठ्ठ्या होत्या. पोरींना पोरांच्या चिठ्ठ्या पोचवते म्हणून. तुम्हाला न्हाई ठाऊक?

नीलाबाई: नाही. मी बदली मागून घेतली होती.

जावेद: अब्बांनीपण मरेपर्यंत तिचं अर्धंच खरं मानलं.

नीलाबाई: मला वाटलं, नाव गाळलं तर तिची इज्जत राहील.

जावेद: नाव गाळलं असतं तर ते आमच्या काय कामाचं होतं, बाई?

नीलाबाई: पुनम, ती पानं परत छाप. नावं आहेत तशी. शब्द माझे.

पुनम: तुझंही नाव?

नीलाबाई: माझं आधी.

पुनम: आत्या, ग्यानोबांचा नातू शिवम अंकाच्या कमिटीवर हाय. मुख्याध्यापकही विचारतील, हाच लेख वेगळा का.

नीलाबाई: दोघांना माझा नंबर दे.

जावेद: एकच फर्मा हाय, आठ पानांचा. टाके घातले न्हाईत अजून. जुना काढून नवा घालतो. बाई, घरी चला ना. अम्मीला तुमच्या बांगडीचं माप अजून पाठ हाय. सव्वादोन म्हणाली.

नीलाबाई: आज नको. अंक छापून आला की घेऊन येईन.

(सहा महिन्यांनी, फोनवर.)

पुनम: आत्या, शिवम आता छपाईला उदगीरला जातो. माझ्याशी बोलणं बंद. पण त्याची आत्या शिवकांता आली होती, टोपलीत जिची वही होती ती. नर्स हाय आता. शहजादी अम्मीकडून दोन्ही हात भरून गेली.

नीलाबाई: आणि तुझं मशीन?

पुनम: लग्नपत्रिकेला वापरते. लेखांना न्हाई. जावेदभाईची लेक तूबा ते पान येईल त्याला वाचून दाखवते. अम्मी विचारतात, बाई कधी येणार? अंक हातात येऊन सहा महिने झाले, आत्या.

नीलाबाई: माहीत आहे मला.

पुनम: मग काय सांगू?

नीलाबाई: मंगळवारी येते म्हणावं. सव्वादोनच्या मात्र काढून ठेवू नको म्हणावं, मनगटं वाळलीत. माप नव्यानं घ्यावं लागेल.